जुन्या सीडी-हार्डडिस्कमधल्या व्हिडिओ फायलींची नावं कशी वाचायची? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सोयाबीन निघालं, कापसाचा पहिला वेचा घरात आला, की लोकांना घर आवरायला सवड मिळते. मग कपाटावरच्या डब्यातून सीड्या निघतात, नागपूर-अमरावतीच्या होस्टेलमधून पोरानं आणलेली हार्डडिस्क निघते, आणि ते सगळं पिशवीत घालून माणूस तालुक्याच्या गावी आमच्याकडे येतो. जुन्या डिस्कमधलं नव्या डिस्कवर करून देणं हे माझं काम. फायलींची यादी पडद्यावर आली की तेच ते प्रश्न येतात. ते ज्या बोलीत विचारले जातात, त्याच बोलीत इथे लिहिले आहेत. फायलींवरची मूळ नावं इंग्रजी अक्षरांत असतात, इथे ती वाचायला सोपी म्हणून देवनागरीत घेतली आहेत.

इतकं लांबलचक नाव कायले देऊन आहे?

कारण त्या काळी नेटवरून फाईल उतरवायच्या आधी तिच्याबद्दल कळायला नावाशिवाय दुसरं काही नव्हतं. ना पोस्टर, ना झलक. २००४ च्या ब्रॉडबँड धोरणात २५६ केबीपीएस वेगाला ब्रॉडबँड म्हटलं होतं. त्या वेगानं ७०० एमबीचा सिनेमा उतरायला सहा-साडेसहा तास लागत. ५६ केबीपीएसच्या डायलअप मोडेमवर तर पूर्ण वेग मिळाला तरी २९ तास. त्यात आपल्याकडचं भारनियमन. इतका वेळ घालवून शेवटी डोकी हलणारं, थिएटरात चोरून घेतलेलं चित्र निघालं तर सगळं पाण्यात. म्हणून फाईल बनवणारा सगळी माहिती नावातच भरायचा.

नमुना म्हणून हे नाव घ्या:

सिनेमाचं.नाव.२००४.डीव्हीडीरिप.एक्सव्हिड.एसी३.सीडी१-गट.एव्हीआय

डावीकडून वाचत जा. आधी सिनेमाचं नाव, मग प्रदर्शनाचं साल. साल यासाठी की एकाच नावाचे दोन-तीन सिनेमे असतात. पुढे चित्र कुठून घेतलं ते, इथे डीव्हीडीवरून. मग चित्र कोणत्या पद्धतीनं दाबून लहान केलं ते, मग आवाजाचा प्रकार. सीडी१ म्हणजे पहिला भाग. आडव्या रेघेनंतर बनवणाऱ्या गटाचं नाव, आणि शेवटच्या टिंबानंतर फाईलचा प्रकार. जवळपास सगळी जुनी नावं याच क्रमानं जातात. मालिकेच्या फायलीत सालाच्या जागी एस०२ई०५ असं असतं, म्हणजे दुसऱ्या पर्वाचा पाचवा भाग.

मधात जागाच नाही, टिंबंच टिंबं काऊन?

या फायली आधी ज्या सर्व्हरांवरून फिरायच्या, तिथे हुकूम टाइप करून काम चाले. नावात मोकळी जागा आली की यंत्र तिथेच नाव तोडून दोन वेगळी नावं समजायचं. टिंब किंवा खालची रेघ टाकली की नाव सलग राहतं. पुढे ती अडचण गेली, पण पद्धत राहिली.

डीव्हीडीरिप, कॅम, टीएस, आर५... यातलं चांगलं कोणतं?

अख्ख्या नावात सगळ्यात कामाचा शब्द हाच. चित्र मुळात कुठून आलं ते तो सांगतो, आणि मूळ खराब असेल तर पुढे कितीही यंत्रं लावा, चित्र सुधरत नाही.

कॅम म्हणजे थिएटरात बसून हातातल्या कॅमेऱ्यानं घेतलेलं. चौकट वाकडी असते, समोरून माणूस उठून जातो, हसण्याचा-खोकल्याचा आवाज येतो. टीएस म्हणजे टेलिसिंक. चित्र कॅमेऱ्यानंच घेतलेलं, पण बहुतेक वेळा स्टँडवर ठेवून, आणि आवाज थिएटरच्या यंत्रातून थेट तार जोडून घेतलेला. म्हणजे ऐकायला बरं, पाहायला तितकं नाही. टीसी म्हणजे टेलिसिने, यात रीळच यंत्रावर चढवून उतरवलेलं असतं, म्हणून चित्र बरंच साफ. टीएस आणि टीसी यांची गल्लत नेहमी होते. फरक एका अक्षराचा आहे, पण चित्रात जमीन-अस्मानाचा.

एससीआर किंवा डीव्हीडीएससीआर म्हणजे स्क्रीनर. पुरस्काराच्या परीक्षकांना किंवा दुकानदारांना आधी पाहायला पाठवलेली प्रत. चित्र चांगलं, पण मधेच पट्टी येते की ही प्रत अमुक कंपनीची मालमत्ता आहे, विकू नये.

आर५ मधला आर म्हणजे रीजन. डीव्हीडी कंपन्यांनी जगाचे विभाग पाडले होते. पाचव्या विभागात जुन्या सोव्हिएत संघाचे देश, आफ्रिकेचा बराच भाग आणि आपला भारत येतो. रशियात चोरीच्या प्रती फार विकल्या जात, म्हणून कंपन्यांनी तिथे घाईघाईनं, फारशी सफाई न करता, लवकर डीव्हीडी काढायला सुरुवात केली. तिचं चित्र घ्यायचं आणि त्यावर दुसरीकडून मिळवलेला इंग्रजी आवाज चढवायचा, हे झालं आर५. म्हणून अशा फायलीत चित्र स्वच्छ असूनही आवाज डब्यातून आल्यासारखा वाटतो. आपल्या दुकानांतल्या अधिकृत डीव्हीडीवरही ५ चा शिक्का असायचा, पण म्हणून प्रत्येक आर५ फाईल भारतात बनली असं समजू नका.

डीव्हीडीरिप म्हणजे विकत मिळणाऱ्या डीव्हीडीवरून केलेलं, त्या काळातलं सगळ्यात भरवशाचं. एचडीटीव्ही, डीएसआर, टीव्हीरिप ही टीव्हीवरून किंवा डिशवरून घेतलेली, कोपऱ्यात वाहिनीचं चिन्ह असतं. ७२०पी, १०८०पी हे आकडे नंतरचे. ते चित्रातल्या उभ्या दिशेच्या ओळी सांगतात, ७२०पी म्हणजे १२८० बाय ७२०. पण कॅमची फाईल ताणून १०८०पी केली तरी नाव १०८०पी होतं आणि चित्र कॅमचंच राहतं. म्हणून आकड्याआधी मूळ कुठलं ते पाहा.

आवाज येते, चित्र दिसत नाही. फाईल खराब झाली काय?

बहुतेक वेळा नाही. एव्हीआय, एमकेव्ही, एमपी४ ही शेवटची अक्षरं म्हणजे फक्त पोतं. पोत्यावरच्या छाप्यावरून आत तूर आहे की चणा ते कळत नाही, उघडून पाहावं लागतं. आतला माल कोणत्या पद्धतीनं दाबून भरला, त्या पद्धतीला कोडेक म्हणतात, आणि नावातले डिव्हएक्स, एक्सव्हिड, एक्स२६४ हे शब्द तेच सांगतात. तुमच्या टीव्हीला किंवा फोनला पोतं ओळखता आलं, आवाजही ओळखता आला, पण चित्राची पद्धत माहीत नाही, की असं होतं.

एव्हीआय हा प्रकार मायक्रोसॉफ्टनं १९९२ मध्ये आणला. १९९९ च्या सुमारास मायक्रोसॉफ्टच्याच एका कोडेकात फेरफार करून डिव्हएक्स ३.११ अल्फा बाहेर पडलं, आणि डीव्हीडीवरचा कित्येक जीबीचा सिनेमा पहिल्यांदाच एका सीडीत मावायला लागला. २००१ पासून एक्सव्हिड आलं, खुलं आणि फुकट, आणि पुढची बरीच वर्षं त्याचंच राज्य होतं. एच.२६४ हे चित्र दाबण्याचं मानक २००३ चं. त्यावरचं एक्स२६४ आणि एमकेव्ही पोतं ही जोडी हाय डेफिनिशनबरोबर रुळली.

म्हणजे नावातल्या कोडेकवरून फाईलचं वय अंदाजे सांगता येतं. नावात कोडेक नसेल तर मीडियाइन्फो नावाच्या फुकट प्रोग्रॅममध्ये फाईल टाका. एव्हीआयच्या आत चार अक्षरांची खूण असते: डीआयव्ही३ दिसलं तर जुनं डिव्हएक्स, डीएक्स५० म्हणजे डिव्हएक्स ५, एक्सव्हीआयडी म्हणजे एक्सव्हिड. फाईलवरचं नाव कोणीही बदलतो, ही आतली खूण सहसा कोणी बदलत नाही.

आजचे काही नवे टीव्ही जुनं एक्सव्हिड घेत नाहीत, म्हणून कोपऱ्यात पडलेला जुना डीव्हीडी प्लेअर, ज्याच्या तोंडावर डिव्हएक्स छापून आहे, तो भंगारात देऊ नका. कॉम्प्युटरवर व्हीएलसी हा फुकट प्लेअर घेतला की यातलं जवळपास सगळं चालतं.

सीडी१ हाय, सीडी२ कुठी गेली?

साधी सीडी ७०० एमबीची. त्यात बसावा म्हणून सिनेमा एका फायलीत ७०० एमबीचा करायचे, किंवा चित्र चांगलं हवं असेल तर दोन फायलींत १४०० एमबीचा. घरात दोन डिस्क वेगळ्या झाल्या की दुसरा भाग कायमचा गेला. फाईल जर बरोबर ७०० एमबीच्या आसपास असेल आणि नावात सीडी१ नसेल, तर सिनेमा बहुधा पूर्ण आहे. ४.३७ जीबी दिसलं तर ती एका साध्या डीव्हीडीत बसेल अशी मापून केलेली.

फोल्डरमध्ये एका फायलीऐवजी आरएआर, आर००, आर०१ अशी रांग दिसली तर ते एकाच सिनेमाचे तुकडे आहेत. एकही कमी असला तर उघडणार नाही. शेजारची एसएफव्ही फाईल प्रत्येक तुकडा शाबूत आहे का ते तपासायला, आणि एनएफओ म्हणजे बनवणाऱ्यांनी लिहिलेलं माहितीपत्रक. ते नोटपॅडमध्ये उघडतं.

प्रॉपर, रीपॅक, लिमिटेड, इंटर्नल हे काय होय?

प्रॉपर: दुसऱ्या गटाची प्रत सदोष होती, म्हणून आम्ही नीट केली. रीपॅक: आमचीच आधीची प्रत चुकली होती, ही दुरुस्त. लिमिटेड: थोड्याच थिएटरांत लागलेला सिनेमा. इंटर्नल: गटानं मुख्यतः आपल्यासाठी केलेली. अनरेटेड, डीसी म्हणजे वेगळं संकलन, डीसी हे दिग्दर्शकाचं. डब्ल्यूएस म्हणजे रुंद चित्र, एफएस म्हणजे जुन्या टीव्हीच्या चौकोनात कापलेलं.

पाल आणि एनटीएससी हे टीव्हीच्या चित्राचे दोन प्रकार मात्र लक्षात ठेवा. सिनेमा सेकंदाला २४ चौकटींचा (फ्रेमचा), आपल्याकडचा पाल टीव्ही २५ चा. पाल डिस्कवर सिनेमा तेवढा वेगानं पळवतात, म्हणून १५० मिनिटांचा सिनेमा १४४ मिनिटांत संपतो. वेळ कमी दिसली म्हणून सीन कापले असं लगेच समजू नका. दुसरीकडून आणलेली सबटायटल्स हळूहळू मागेपुढे सरकतात, त्याचंही एक कारण हेच.

नाव एक अन् निघालं दुसरंच. असं कसं?

नाव माणसानं टाइप केलेलं असतं, म्हणून. लोकांनी नेटवरून एकमेकांच्या फायली घ्यायचे प्रोग्रॅम असत. त्यातलं नॅपस्टर १९९९ मध्ये आलं ते फक्त गाण्यांसाठी. नंतर ईडाँकी, काझा, ईम्यूल या तसल्याच प्रोग्रॅमांवर व्हिडिओ फिरायला लागले. तिथे शोध नावावरूनच लागायचा, त्यामुळे लोकांना हवं असलेलं नाव काहीतरी भलत्याच फायलीला चिकटवलं की ती हजारो ठिकाणी पोचायची. काझा तर फाईलची ओळख पटवताना तिचे थोडेसेच तुकडे तपासायचं, मधला भाग बदललेला असला तरी त्याला कळत नसे. २००१ मध्ये ब्रॅम कोहेननं काढलेल्या बिटटोरंटमध्ये प्रत्येक तुकडा तपासला जातो. पण ती तपासणी तुकडा मूळ फायलीसारखाच आहे एवढंच सांगते. मूळ फायलीवरच खोटं नाव असेल तर ते खोटंच तुमच्याकडे शाबूत पोचतं.

यात एक धोका आजही जिवंत आहे. विंडोज सहसा फाईलचा शेवटचा प्रकार लपवतं. सिनेमा.एव्हीआय.ईएक्सई अशी फाईल असेल तर तुम्हाला फक्त सिनेमा.एव्हीआय दिसतं आणि दाबलं की व्हायरस चालतो. जुनी हार्डडिस्क जोडण्याआधी फोल्डरच्या सेटिंगमध्ये जाऊन पूर्ण नाव दिसेल असं करा. ईएक्सई, एससीआर, बॅट यावर संपणारी फाईल सिनेमा असूच शकत नाही. इथे पाहा, नावाच्या मधात एससीआर असेल तर तो स्क्रीनर, पण अगदी शेवटच्या टिंबानंतर असेल तर तो चालणारा प्रोग्रॅम आहे. उघडू नका. नवीन कोडेक किंवा परवाना उतरवा म्हणून खिडकी उघडणारी जुनी डब्ल्यूएमव्ही फाईलही बंद करून टाका.

लग्नाच्या सीडीत लग्नाचं नावच नाही. नुस्तं एव्हीएसईक्यू०१ लिहून आहे. हे डिलीट करू काय?

नाही. काहीही करा, पण ही फाईल पुसू नका.

एव्हीएसईक्यू०१.डीएटी हे नाव व्हिडिओ सीडी बनवणारं यंत्र आपोआप देतं. १९९३ च्या मानकाप्रमाणे प्रत्येक व्हीसीडीत एमपीईजीएव्ही नावाचं फोल्डर असतं आणि त्यात ही फाईल. तुमच्या भावाचं लग्न असो, शेजारच्या गावातला शंकरपट असो की वडसा-ब्रह्मपुरीकडच्या झाडीपट्टी नाटकाचं रात्रभराचं शूटिंग असो, सगळ्यांचं नाव हेच. म्हणून दहा सीड्या एका फोल्डरमध्ये टाकायला गेलं की कॉम्प्युटर विचारतो, आधीची फाईल बदलू का? घाईत हो दाबलं की पहिलं लग्न गेलं.

इथेच मला सगळ्यात जास्त सांगायचं आहे. लोक टिंबाटिंबांचं भारदस्त नाव पाहून ती फाईल जपतात आणि बिननावाची डीएटी कचरा समजून फेकतात. डीव्हीडीरिप लिहिलेला सिनेमा जगात हजारो जणांकडे आहे, आणि रीतसर विकतही मिळतो. एव्हीएसईक्यू०१ मध्ये तुमची आजी मांडवात अक्षदा टाकताना दिसते, आणि ती प्रत फक्त तुमच्याजवळ आहे. शूटिंगवाल्यानं मूळ कॅसेट कधीच पुसून वापरलेली असते.

म्हणून काम असं करा. आधी डिस्कच्या तोंडाचा फोटो काढा, कारण मार्करनं लिहिलेलं नाव आणि तारीख तेवढीच असते. सीडीवर चिकटवलेला कागद ओढू नका. सीडीचा चकाकणारा थर वरच्या बाजूलाच, नुसत्या लाखेखाली असतो. कागदाबरोबर तो निघाला की डिस्क संपली. खालच्या बाजूचा ओरखडा कधी कधी सावरता येतो, वरचा नाही. मग प्रत्येक डिस्कसाठी वेगळं फोल्डर करा आणि त्यात फाईल उतरवा.

व्हीसीडीवर व्हिडिओ लिहिताना चुका दुरुस्त करणारी जादा माहिती वगळून जागा वाचवलेली असते. म्हणून ७०० एमबीच्या सीडीत ८०० एमबीच्या आसपासची डीएटी दिसली तर घाबरू नका, ते बरोबर आहे. पण त्यामुळेच ओरखड्याच्या जागी चित्र चौकटी-चौकटींचं होतं. कॉपी मधेच थांबली तर दुसऱ्या कॉम्प्युटरचा ड्राइव्ह लावून पाहा, एका ड्राइव्हनं नाकारलेली डिस्क दुसरा पुष्कळदा वाचतो. तरीही जमलं नाही तर आयसोबस्टरसारखा प्रोग्रॅम वाचता येईल तेवढं काढून देतो. चित्र ३५२ बाय २८८ चं, आजच्या टीव्हीवर धूसरच दिसणार. ते मोठं करून देतो म्हणणाऱ्यानं केलेली फाईल घ्या हवी तर, पण मूळ डीएटी वेगळी जपा.

लग्नाची डीव्हीडी असेल तर व्हिडिओ_टीएस फोल्डर दिसेल. त्यात व्हीटीएस_०१_१, व्हीटीएस_०१_२ अशा व्हीओबी फायली, प्रत्येक जास्तीत जास्त १ जीबीची. हे एकाच लग्नाचे सलग तुकडे आहेत. आकडा शून्य असलेली व्हीओबी म्हणजे फक्त मेनू. अख्खं फोल्डर जसंच्या तसं उचला. इथला टीएस म्हणजे टेलिसिंक नव्हे.

मेमरी कार्डात ३जीपी हाय, एवढुसं चित्र दिसते.

साध्या फोनच्या काळातला तो प्रकार. चित्र बरेचदा १७६ बाय १४४ चं. मोबाईलच्या दुकानात कार्ड भरून मिळायचं, त्यातले सिनेमे आणि गाणी याच रूपात कापून टाकलेली असत. पण त्याच कार्डात व्हिडिओ००१२.३जीपी असं नाव दिसलं तर ते फोननं स्वतः घेतलेलं आहे, पोळ्याचं, शाळेच्या स्नेहसंमेलनाचं, कोणाच्या बाळाचं. ते आधी वाचवा. तारखेवर विसंबू नका. बॅटरी काढली की त्यातल्या कित्येक फोनांची तारीख मागे जायची.

अर्धवट उतरलेली फाईल चालन काय?

शेवटी पार्ट, सीआरडाउनलोड किंवा उद्गारचिन्हासह यूटी असेल तर ती अर्धवट. एव्हीआयची अनुक्रमणिका फायलीच्या शेवटी असते, त्यामुळे वीज गेली आणि शेपूट यायचं राहिलं तरी जेवढं उतरलं तेवढं व्हीएलसी दुरुस्त करून दाखवतं. फोननं घेतलेल्या एमपी४ चं तसं नाही. तिचीही अनुक्रमणिका बहुधा शेवटी, पण ती नसेल तर सहजासहजी काहीच दिसत नाही.

मराठी नावाच्या जागी प्रश्नचिन्ह किंवा भलतीच अक्षरं काऊन दिसतात?

प्रश्नचिन्ह म्हणजे डिस्क लिहिताना प्रोग्रॅमला देवनागरी कळली नाही. ते नाव परत येत नाही. इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसली तर शक्यता अशी की कृतिदेव किंवा श्री-लिपीसारख्या फाँटमध्ये टाइप केलेलं नाव कोणीतरी तसंच चिकटवलं. ते वर्डमध्ये टाकून तोच फाँट लावला की वाचता येतं.

मंग नावं बदलून टाकू काय?

घरच्या फायलींची जरूर बदला, पण जुन्या नावांची यादी आधी एका मजकूर फायलीत घ्या. नवं नाव सालापासून सुरू करा: २००६-०५-लग्न-मोठे-काका-आर्णी-भाग१. साल पुढे असलं की यादी आपोआप क्रमानं लागते. नुसतं दादाचं लग्न लिहू नका, तीस वर्षांनी कोणता दादा ते कळणार नाही. शेवटच्या टिंबापुढची अक्षरं बदलू नका.

डाउनलोड केलेल्या फायलीचं नाव बदललं तर शेजारच्या एसआरटी म्हणजे सबटायटल्सच्या फाईलचंही तेच नाव करा. दोन्हींची नावं जुळली तरच सबटायटल्स आपोआप येतात. चौकोनी कंसात आठ आकडे-अक्षरं असतील तर ती फाईल शाबूत आहे का ते तपासायची खूण आहे, ती राहू द्या.

हे सिनेमे ठेवणं गुन्हा हाय काय? दुसऱ्याले कॉपी करून देऊ काय?

कॉपी करून वाटू नका, विकू तर नकाच. प्रताधिकार कायदा १९५७ च्या कलम ६३ मध्ये सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड सांगितला आहे. थिएटरात चोरून शूटिंग करण्याविरुद्ध २०२३ च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्तीनं वेगळी शिक्षा आणली: तीन महिने ते तीन वर्षं कैद, आणि किमान ३ लाख रुपये दंड. नावात कॅम किंवा टीएस असलेली फाईल म्हणजे असंच शूटिंग. आमच्याकडे आणलेल्या डिस्कमध्ये असे सिनेमे निघाले तर आम्ही ते उतरवून देत नाही, घरचं शूटिंग तेवढं देतो. सिनेमाचा हक्क भारतात प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो.

पेनड्राइव्ह ३२ जीबीचा, अन् ५ जीबीची फाईल जाऊन नाही रायली.

पेनड्राइव्ह फॅट३२ पद्धतीचा आहे. त्यात एक फाईल ४ जीबीपेक्षा मोठी बसत नाही, जागा कितीही असो. आधी आतलं सगळं दुसरीकडे काढून घ्या, मग एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करा. टीव्ही फार जुना असेल तर तो एक्सफॅट ओळखत नाही, तेव्हा फाईलचे दोन भाग करून आणा.